संत्र्याचा थरांचा केक : लखनौ आवृत्ती

ही मार्गदर्शिका बदली, लग्न किंवा निव्वळ नशीब यांपैकी कशानं तरी लखनौला येऊन पडलेल्या मराठी माणसांसाठी आहे. अट एकच, घरात ओटीजी हवा. तो असतोच. कुणीतरी भेट दिलेला असतो आणि सध्या त्यात पापडांचे डबे, दोन जादा कढया आणि हरवलं म्हणून सोडून दिलेलं मिक्सरचं झाकण असतं. पहिली पायरी : हे सगळं बाहेर काढा. ओटीजी तापायला लावल्यावर आतला प्लास्टिकचा डबा ज्यांना आठवतो, त्यांच्यासाठी दुसरी पायरी नाही.

आपल्याला करायचा आहे संत्र्याचा, दोन थरांचा, मधे आणि वर आइसिंग लावलेला केक. लगेच कुणीतरी म्हणेल, आधी साधा केक करून बघ, मग थरबीर. ऐकू नका. साधा केक फार निर्दय असतो. मधे खचला तर खचलेला दिसतो, वर फुटला तर फुटलेला दिसतो, एका अंगाला कलला तर पाहुण्यांच्या मानाही त्याच अंगाला कलतात. थरांच्या केकचं तसं नाही. फुगवटा आला, कापून टाका. खड्डा पडला, आइसिंगनं भरा. कड करपली, तासा. एक थर वाकडा निघाला तर तो उलटा करून खाली घाला. थर काय आणि आइसिंग काय, दोन्ही गोष्टी झाकपाकीच्याच आहेत, आणि नवशिक्याला अंड्या-लोण्याआधी तिचीच गरज असते.

शिवाय तुम्ही योग्य गावात आहात. पदार्थानं आपण कोण आहोत हे बघताक्षणी सांगू नये, ही इथली जुनी रीत. अब्दुल हलीम शरर यांनी ‘गुजिश्ता लखनौ’मध्ये एक किस्सा नोंदवून ठेवला आहे. दिल्लीच्या राजघराण्यातले मिर्झा आसमान कद्र लखनौला आले. नवाब वाजिद अली शाहनं त्यांना जेवायला बोलावलं आणि पानात मुरंबा वाढला. दिसायला अगदी देखणा. मिर्झांनी तोंडात घातला तर तो मांसाचा कोरमा! दिल्लीकर खजील झाले, आणि काही दिवसांनी त्यांनी परतफेडीचं आमंत्रण दिलं. वाजिद अली शाह सावध होऊन गेला, तरी फसला. पुलाव, कबाब, कोरमा, रोट्या, लोणची सगळं मांडलेलं, आणि जिथं हात घालावा तिथं साखर. ताटवाट्यासुद्धा साखरेच्याच होत्या म्हणतात. ज्या शहरात साखरेचे कबाब होऊन गेले, तिथं वाकड्या केकवर साखरेचा लेप देताना आपण लाजायचं कारण नाही.

झाकता येत नाही ती गोष्ट एकच, कडूपणा. आणि तो येतो संत्र्यातून, म्हणून सुरुवात संत्र्यापासून.

संत्रं

नोव्हेंबरपासून फेब्रुवारीपर्यंत लखनौतल्या झाडून सगळ्या ठेल्यांवर फक्त नागपुरी संत्री असतात. निदान ठेलेवाले तसं सांगतात. “नागपुरी है बहनजी, बिलकुल शहद.” हे ऐकून विदर्भातल्या माणसाची छाती फुगते आणि तिथंच तो फसतो. त्या ढिगात बहुतेक वेळा किन्नू असतो, पंजाबातल्या अबोहरकडचा नाहीतर राजस्थानातल्या श्रीगंगानगरचा. त्याचं मूळ तर आणखी लांब. कॅलिफोर्नियात एच. बी. फ्रॉस्ट यांनी ‘किंग’ आणि ‘विलो लीफ’ या दोन जातींचा संकर केला, तो १९३५ साली लागवडीसाठी बाहेर आला, आणि पुढे पंजाबनं त्याला दत्तक घेतलं. नरहीच्या बाजारात येईपर्यंत तो नागपूरचा होतो.

ओळखायला अवघड नाही. नागपुरी संत्र्याची साल सैल, देठाशी जरा मान वर काढलेली, रंग मवाळ. दाबलं की साल आणि फोडी यांच्यामधली हवा हाताला कळते. किन्नू गोल, घट्ट, गडद आणि चकचकीत. कापला की बियाच बिया. नागपूरच्या संत्र्याला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालं आहे, पण ते सांगून ठेल्यावरचा वाद जिंकता येत नाही. ठेलेवाला शांतपणे म्हणतो, “तो हम कब मना कर रहे हैं?” आणि पिशवी भरू लागतो.

आता केकसाठी यातलं कोणतं घ्यायचं? इथं नागपूरकरांना थोडं दुखवावं लागणार आहे. केकला संत्र्याचा वास लागतो तो रसामुळे कमी आणि सालीमुळे जास्त. सालीच्या केशरी भागात तेलाचे बारीक कप्पे असतात. साल मेणबत्तीच्या ज्योतीजवळ नेऊन चिमटली की तडतडत पेटतो तो फवारा याच तेलाचा. म्हणजे आपल्याला साल किसून हवी. नागपुरी संत्र्याची सैल साल किसणीवर आत दबते, सुरकुतते, आणि संत्र्याऐवजी बोटं किसली जातात. किन्नूची साल फळावर ताणून बसलेली, तिच्यावर किसणी सरळ चालते. तेव्हा किस किन्नूचा घ्यावा आणि वर मांडायच्या फोडी नागपुरी. पंजाब पिठात, विदर्भ माथ्यावर. नागपूरहून राप्तीसागरनं कुणी येणार असेल तर पिशवीभर संत्री मागवावीत, आणि ती केकसाठी आहेत हे येणाऱ्याला सांगू नये. एवढी चांगली संत्री मैद्यात घालतात का, यावर कानपूर येईपर्यंत विचार करून तो चिडलेला उतरेल.

किसण्याआधी फळ कोमट पाण्यात घासून धुवा. किन्नूवर बहुधा मेणाचा हात फिरवलेला असतो, ती चकाकी निसर्गाची नाही. मग बारीक किसणीवर, न रेटता, एका जागी एकदाच. केशरी गेलं आणि पांढरं दिसू लागलं की फळ फिरवायचं. ते पांढरं कडू असतं. काटकसरीच्या घरात वाढलेल्यांना इथं थांबणं फार जड जातं, कारण फळावर अजून बरंच काही शिल्लक दिसत असतं. ते शिल्लकच राहू द्या.

रसाचीही एक खोड आहे. संत्र्याचा, त्यातही किन्नूचा रस काढल्याबरोबर गोड लागतो आणि ठेवला की कडू होत जातो. गरात असलेल्या एका निरुपद्रवी द्रव्याचं आंबट रसात हळूहळू लिमोनिन बनतं, आणि ते जिभेला कडू लागतं. बियांमध्येही हे द्रव्य असतं, त्यामुळे मिक्सरमध्ये बिया चिरडल्या की काम आणखी लवकर बिघडतं. म्हणून रस हातानं पिळायचा, गाळायचा आणि तिथल्या तिथं वापरायचा. आदल्या रात्री रस काढून, बाटलीवर तारीख घालून फ्रिजमध्ये ठेवणाऱ्या कामसू माणसाचा केक कडू होतो, ऐन वेळी पिळणाऱ्या आळशाचा होत नाही.

किसलेली साल साखरेत टाकून बोटांनी चोळा. साखर ओलसर होते, केशरी दिसू लागते आणि स्वयंपाकघरात वास सुटतो. शेजारचे पहिल्यांदा याच वेळी येतात.

माप

लखनौत कुणाला पदार्थाचं माप विचारू नये. “अंदाज़ से,” असं उत्तर येतं, आणि ते इतकं गोड आवाजात येतं की पुढचा प्रश्न उद्धटपणाचा वाटतो. इथले जुने रकाबदार, म्हणजे नवाबांसाठी मोजकेच नाजूक पदार्थ करणारे खास आचारी, आपली कृती हातची सुटू देत नसत. घराण्याची विद्या घराण्यात.

मराठी माणसाला ही गोष्ट सहन होत नाही. विष्णु नारायण भातखंडे यांना ती झाली नाही. उस्तादांच्या गळ्यात कुलूपबंद असलेल्या बंदिशी त्यांनी स्वरलिपीत उतरवल्या, क्रमिक पुस्तकांत छापून चारचौघांच्या हाती दिल्या, आणि १९२६ साली याच लखनौत मॅरिस कॉलेज उभं केलं. कैसरबागेतलं आजचं भातखंडे विद्यापीठ ते हेच. श्रीकृष्ण नारायण रातंजनकर तिथं कित्येक वर्षं प्राचार्य होते. स्वयंपाकघरात त्याच जातीचं काम कमलाबाई ओगल्यांनी केलं. १९७० साली ‘रुचिरा’ आलं आणि अंदाजावर चाललेल्या घरांत वाटी-चमच्याचं माप शिरलं. केकच्या पिठापुरतं तुम्ही या वहीवाल्या घराण्याचं ऐका. भाजी आळणी झाली तर वरून मीठ घालता येतं. ओटीजीत गेलेल्या केकमध्ये मागाहून काही घालता येत नाही.

फक्त वाटीऐवजी वजन घ्या, कारण माहेरची वाटी आणि सासरची वाटी यांच्यात अर्ध्या केकचा फरक असू शकतो. वजनकाटा नसेल तर साहेबांच्या घरातली जुनी युक्ती आहे : तराजूच्या एका पारड्यात अंडी ठेवायची आणि दुसऱ्यात तेवढंच लोणी, मग तेवढीच साखर, मग तेवढाच मैदा. दारावर येणाऱ्या भाजीवाल्याचा तराजू यासाठी मागता येतो. तो देतोही, पण अंडी लोण्याच्या भावानं तोलणाऱ्या बाईंची हकिगत संध्याकाळपर्यंत गल्लीच्या टोकाला पोचलेली असते.

चार अंडी कवचासकट साधारण दोनशे ते सव्वादोनशे ग्रॅम भरतात. तेवढंच बिनमिठाचं लोणी, तेवढीच साखर, तेवढाच मैदा. मैद्यात दोन सपाट चहाचे चमचे बेकिंग पावडर मिसळून दोनदा चाळून ठेवायची. तीन किन्नूंचा किस, तीन मोठे चमचे रस. आपली साखर जाड दाण्याची असते, ती लोण्यात लवकर विरघळत नाही. मिक्सरमधून फिरवून घ्या आणि किस चोळायचा तो या पिठीसाखरेत. सात इंचाची दोन सारखी भांडी लागतील. यहियागंजच्या भांडीबाजारात ॲल्युमिनियमची मिळतात. तिथं ‘केकचं भांडं’ म्हणून मागितलं तर दुकानदार बदामाच्या आकाराचं, गुलाबाच्या आकाराचं आणि शेवटी बाहुलीच्या घागऱ्याचं काढून दाखवतो. गोल, उभ्या कडांचं, साधं, एवढं एकच वाक्य धरून बसावं.

लोणी फेसायचं आणि इथं लखनौची थंडी आडवी येते. डिसेंबर-जानेवारीत पारा पाच-सात अंशांवर उतरतो, घरं उन्हाळ्याच्या बेतानं बांधलेली, आणि ‘घरच्या तपमानाचं लोणी’ म्हणजे वीट असते. ती गॅसवर वितळवू नका. वितळलेलं लोणी हवा धरत नाही, आणि लोणी फेसायचं ते हवा धरण्यासाठीच. पातेलं कोमट पाण्यात धरा. धुकं निवळलं असेल तर गच्चीवर दुपारच्या उन्हात ठेवा आणि स्वतःही तिथंच बसा, कारण लखनौत माकडं आहेत. लोणी बोटानं दबू लागलं की साखर घालून पांढरट आणि हलकं होईपर्यंत फेसा. मग अंडी, एकेक, फ्रिजमधली नव्हे. गार अंडं किंवा गार रस लोण्यात पडला की मिश्रण नासल्यागत फाटतं. घाबरू नये. एक चमचा मैदा टाकून फेटलं की येतं ठिकाणावर, आणि नाही आलं तरी केक होतोच, जरा दाट होतो. वर आइसिंग आहे.

शेवटी मैदा, हलक्या हातानं, आणि रस. मैदा पडल्यावर फेसायचं नाही. हौसेनं फेसलेला केक चिवट होतो, आणि तो चिवटपणा कापताना सगळ्यांसमोर बाहेर येतो.

अंड्याचा प्रश्न

संत्री येतात नेमकी संक्रांतीच्या दिवसांत. उत्तर प्रदेशात त्या दिवसाचं नावच ‘खिचडी’ आहे, आणि तुमच्या घरी रथसप्तमीपर्यंत हळदीकुंकू आहे. हळदीकुंकवाच्या बशीत तिळगुळाशेजारी अंड्याचा केक ठेवला तर काय होतं, हे शोधून काढायची ही वेळ नव्हे. घरात अंडं चालतं पण बाल्कनीत, वेगळ्या तव्यावर, वेगळ्या उलथण्यानं, अशीही मराठी घरं लखनौत आहेत. त्यांनी केकसाठी वेगळा ओटीजी घ्यायचा का, या चर्चेत पडू नये. अंडं सोडून द्यावं.

बिनअंड्याचा केक असा. घट्ट दुधाचा चारशे ग्रॅमचा डबा, सव्वाशे ग्रॅम वितळवलेलं लोणी (इथं वितळवलेलं चालतं), अडीचशे ग्रॅम मैदा, एक चहाचा चमचा बेकिंग पावडर, अर्धा चमचा खायचा सोडा, किन्नूंचा किस आणि दोनशे मिलिलिटर रस. साखर मुळीच नको, ती डब्यात आहे. सोडा आणि आंबट रस भेटले की फसफस सुरू होते, आणि ती तुमच्यासाठी थांबत नाही. म्हणून पीठ कालवल्यावर फोन उचलू नये. ओटीजीत एका वेळी एकच भांडं मावत असेल तर दूध-लोणी आणि मैदा यांचे आधीच दोन-दोन भाग करून ठेवा. पहिला थर बाहेर आला की मग दुसऱ्या भागात रस घाला.

अंड्याशिवाय केक हलका होत नाही असं म्हणणारे भेटतील. त्यांना खाऊ घाला आणि मागाहून सांगा. आसमान कद्रनं तेच केलं होतं.

भाजणं

ओटीजी १८० अंशांवर निदान दहा-पंधरा मिनिटं तापू द्या. तापवताना वरची आणि खालची दोन्ही कांडी, केक आत गेल्यावर फक्त खालची. भांड्याला लोणी आणि मैदा लावलेला, तळाशी कागद, पीठ निम्म्यापेक्षा थोडं वर. पंचवीस ते तीस मिनिटं. पहिली वीस मिनिटं दार उघडायचं नाही. घरातल्या कर्त्या माणसाला याच वीस मिनिटांत आत डोकावायचं असतं. त्याला दळण आणायला पाठवा.

झाला की नाही हे बघायला विणायची सुई मधोमध खुपसा, कोरडी निघाली पाहिजे. लखनौत घरोघरी सापडते ती चिकनकारीची सुई यासाठी वापरू नये. ती इतकी बारीक असते की कच्च्या पिठातूनही कोरडीच निघते.

आणि मधेच दिवे गेले तर? दार बंदच ठेवा. आतली ऊब बराच वेळ टिकते आणि शेवटची दहा मिनिटं तिच्यावर निभावतात. सुरुवातीलाच गेले तर मात्र कुकर काढा. तळाशी दोन बोटं जाड मीठ, वर जाळी, झाकणाची शिट्टी आणि रबर काढलेलं, पाणी अजिबात नाही. मीठ तापलं की भांडं आत, गॅस बारीक, आणि वेळ ओटीजीपेक्षा जरा जास्त. कुकरमधल्या केकला वरून तांबूस रंग येत नाही. तो आपल्याला दिसायचाच नाही, त्यामुळे त्याचं दुःख करू नये.

तिसरा मार्ग इथल्या मातीतला आहे आणि मला तो मनापासून आवडतो. आपल्याकडे पूर्वी नानकटाईचं पीठ डब्यात भरून बेकरीत भाजायला नेत. उत्तर प्रदेशात ही पद्धत अजून आहे. घरचं पीठ, तूप, साखर देऊन गव्हाच्या पिठाची बिस्किटं भाजून आणतात. तिकडे अलाहाबादला नाताळच्या आधी लोक केकचं सगळं सामान घेऊन बेकरीत जातात, आणि तो केकही अस्सल तिथलाच, त्यात पेठा, मुरंबा आणि साजूक तूप. तेव्हा भांडं घेऊन गल्लीतल्या बेकरीत जायला हरकत नाही. मात्र बेकरीवाला आपला सल्ला देईल, आणि त्यात थोडं तूप घालायचंच असेल.

बाहेर काढल्यावर दहा मिनिटांनी उलटा करा आणि पूर्ण गार होऊ द्या. कोरडा वाटला तर थोड्या रसात दोन चमचे साखर विरघळेपर्यंत गरम करून, गार करून, सुईनं टोचे मारून वरून चमच्यानं सोडा. एकतारी पाक करायला जाऊ नका. मराठी हाताला पाक दिसला की तार काढल्याशिवाय चैन पडत नाही, पण इथं रव्याचे लाडू करायचे नाहीत.

आइसिंग

आता वही मिटा. पिठापर्यंत तुम्ही भातखंड्यांचे शिष्य होतात, इथून पुढे अंदाज.

सुरुवातीला आकडे देते, पण ते मोडायचेच आहेत. दीडशे ग्रॅम लोणी, तीनशे ग्रॅम आइसिंग शुगर चाळून, किस, आणि रस एकेक चमचा करत. थंडीत लोणी आखडतं, मग रस थोडा जास्त लागतो. दुपारी ऊन असलं तर कमी. दुकानातलं पिवळं लोणी खारट असतं. ते पिठात खपतं, आइसिंगमध्ये नाही. खाणाऱ्याच्या चेहऱ्यावर एक विचारमग्न भाव येतो आणि तो म्हणतो, “कुछ अलग है.” लखनौत याहून कडक टीका करत नाहीत. घरच्या सायीचं लोणी तर त्याहून धोक्याचं, त्यात ताकाचा अंश राहतो आणि आइसिंगला पाणी सुटतं. रंगासाठी कुणी जर्द्याच्या रंगाची पुडी सुचवेल. एक चिमूट पडली की केक लग्नाच्या मांडवाच्या रंगाचा होतो. किसानं जेवढा येतो तेवढा रंग पुरे.

क्रीमच्या मोहात पडू नका. खोक्यातल्या साध्या क्रीममध्ये सुमारे पंचवीस टक्के स्निग्धांश असतो आणि फेटून उभं राहायला तीस-पस्तीस तरी लागतात. तुम्ही फेटत राहाल, हात भरून येईल आणि क्रीम तसंच वाहत राहील. बेकरीतल्या केकवर उभं राहतं ते बहुधा वनस्पती तेलाचं असतं, म्हणूनच ते कशालाच दाद देत नाही. मग कुणाला तरी चौक आठवतो. गोल दरवाजापाशी हिवाळ्याच्या सकाळी मख्खन मलाई मिळते, दूध रात्रभर दवात ठेवून घुसळलेला केशरी फेस, तोंडात घातला की नाहीसा होणारा. तो दोन थरांमध्ये भरावा ही कल्पना लखनौत आलेल्या प्रत्येक मराठी बाईच्या मनात एकदा तरी येते. तो फेस थंडीनं धरलेला असतो आणि ऊन चढलं की बसतो. वरचा थर ठेवायच्या आत खाली दुधाचं डबकं होईल. तो तिथंच, उभ्यानं, द्रोणातून खावा.

थर बसवण्याआधी वरचे फुगवटे कापा. सुरी नीट चालत नसेल तर केकभोवती जाड दोरा गुंडाळून टोकं ओढा, सपाट कापला जातो. निघालेले तुकडे ‘चव बघायला’ म्हणून ठेवावेत. नवशिक्याच्या घरात खरा केक तोच असतो. खालचा थर, त्यावर आइसिंग, वरचा थर उलटा, म्हणजे तळाची सपाट बाजू वर येते. सगळीकडे आधी पातळ हात द्या. त्यात चुरा मिसळेल, कुरूप दिसेल, दिसू द्या. अर्धा तास गार जागी ठेवून ते आवळलं की दुसरा, जाड हात. गार जागेसाठी जानेवारीत फ्रिज लागत नाही, बाल्कनी पुरते. वर मोठं पातेलं उपडं घाला आणि पातेल्यावर पाटा. माकडांबद्दल आधी सांगितलंच आहे.

फिरतं चाक नसेल तर उपड्या वाटीवर ताट ठेवून फिरवा. गुळगुळीत होत नसेल तर काट्यानं रेघा ओढा. त्याला नक्षी म्हणतात. तरीही एखादी बाजू बसकी राहिली तर फोडी तिथं लावा, आणि लक्ष जाईल अशी एक फोड दुसऱ्या बाजूला. फोडी अगदी शेवटी, वाढायच्या आधी, पुसून कोरड्या करून. आधी लावल्या तर त्यांचा रस आइसिंगमध्ये उतरतो.

उन्हाळ्यात हे करावं का, असं विचारतात. मे महिन्यात लखनौ बेचाळीस-चव्वेचाळीस अंशांवर असतं आणि लोणी पस्तिशीच्या आतच वितळतं. सुदैवानं तेव्हा ठेल्यावर संत्रीही नसतात.

वाढणं

केक लोकांत मांडला की पहिलं वाक्य ठरलेलं असतं : “अरे भाभीजी, इतनी मेहनत! गंज से मँगवा लेतीं.” हजरतगंजातल्या बेकऱ्यांसमोर नाताळात रांग असते हे खरं आहे आणि तुमच्या केकपेक्षा त्यांचा सरळ असतो हेही. हसून सुरी गरम पाण्यात बुडवा, पुसा, कापा. पहिला तुकडा कुणी घ्यायचा यावर इथं वेळ जातो हे तुम्ही ऐकलंच असेल. मराठी पाहुणा असला तर तो प्रश्न सोडवतो, तो सरळ घेतो.

कुणी कृती मागितली तर लिहून द्या, ग्रॅमसकट. मागणारी ती कौतुकानं वाचेल, पर्समध्ये ठेवेल आणि घरी जाऊन अंदाजानं करेल. तिचा केक कदाचित तुमच्यापेक्षा हलका होईल. त्या दिवशी तुम्ही तिला कृती विचारू नये.

उरलेला केक झाकून ठेवला तर तीन-चार दिवस टिकतो. फ्रिजमधून खायच्या तासभर आधी काढा, नाहीतर आइसिंग सुरीला दाद देत नाही. शेजारी दिलेली बशी रिकामी परत येणार नाही. या दिवसांत बहुधा काळ्या गाजराचा हलवा येतो, तुपानं निथळणारा. तो डबा फ्रिजमध्ये केकच्या शेजारी ठेवू नका. लोणी वास फार लवकर धरतं, आणि सकाळी संत्र्याच्या केकला वेलदोड्याचा वास येऊ लागतो.